एकच भाषा वाचवायची झाली तर

मी, खाली सही करणारी, वय वर्षे त्रेसष्ट, नभोवाणीच्या उच्चार-कक्षातून निवृत्त, एका चष्मेवाल्याची विधवा, राहणार चष्म्याच्या दुकानावरील दोन खोल्या, असे लिहून ठेवते की हे माझे मृत्युपत्र आहे आणि ते मी माझ्या मर्जीने, डोके ठिकाणावर असताना करत आहे. डोके ठिकाणावर आहे याचा दाखला इस्पितळाने दिला आहे. त्याच डोक्यात काय वाढले आहे याचाही फोटो त्यांनीच दिला आहे. दोन्ही कागद सोबत जोडले आहेत.

वकिलांच्या मसुद्यात यापुढे 'आणि कोणत्याही भयाविना' असे शब्द होते. ते मी खोडले. वकील म्हणाले, "बाई, तो ठरीव मजकूर आहे. कोणी धाक दाखवून लिहून घेतलं नाही, एवढाच त्याचा अर्थ."

"अर्थ मला कळतो," मी म्हटले. "पण मी घाबरलेली आहे. खोट्याखाली सही कशी करू?"

शेवटी असे ठरले: मला कोणाही माणसाचा धाक नाही. भीती आहे ती येत्या सोमवारची. त्या दिवशी माझ्या डाव्या कानाच्या वरची कवटी उघडणार आहेत, आणि मी त्या वेळी जागी असणार आहे.

कलम १. घर व दुकान. वरच्या दोन खोल्या, जिना, गच्चीतला आमचा वाटा आणि खालचे दुकान ही सर्व मिळकत माझ्या पतीच्या थोरल्या बहिणीला, म्हणजे माझ्या नणंदेला, पूर्ण मालकीने मिळावी. पुढे मी त्यांना वन्सं म्हणेन, कारण इतकी वर्षे तेच म्हणत आले. दुकान कागदोपत्री माझ्या नावावर असले तरी पती गेल्यापासून काचा घासून ते चालवले वन्संनी. मी फक्त पाटी बदलून घेतली, आणि पाटीचा रंग त्यांना आजही आवडलेला नाही.

माझे धाकटे दीर यांना या मिळकतीत काहीही देऊ नये. जागा विकावी आणि वन्संना वृद्धाश्रमात ठेवावे असे ते दर भेटीत सुचवतात. "तिथे बाग किती छान आहे," म्हणतात. बाग इतकी आवडत असेल तर त्यांनी स्वतः जावे. आमची ॲल्युमिनियमची शिडी त्यांनी नेली आहे, ती त्यांच्याकडेच राहू द्यावी.

कलम २. ठेव. बँकेतली माझी ठेव आधी इस्पितळाचे बिल भागवण्यास वापरावी, उरेल ती वन्संना द्यावी. फारसे उरले नाही तर वन्संनी मला बोल लावू नये. "भूल देणारा चांगला बघ, स्वस्तातला नको," हे त्यांचेच शब्द आहेत.

कलम ३. कारण. मृत्युपत्रात कारण लिहायचे नसते असे वकील म्हणतात. पण उद्या दिरांनी कोर्टात जाऊन 'वहिनींना भ्रम झाला होता' असे सांगितले, तर हे कलम वाचून दाखवावे.

मी नभोवाणीत बातम्या देत नसे. बातम्या देणाऱ्यांना मी उच्चार देत असे. परदेशातले एखादे गाव बुडाले, कुठला राजा मेला, एखादा नवा आजार आला, की त्यांचा फोन आमच्या कक्षात वाजे आणि मी सांगे. निवृत्तीनंतर एका बोलत्या शब्दकोशाचे काम मिळाले. ज्या इंग्रजी शब्दांची अक्षरे एक आणि उच्चार भलताच, असे सहसा कोणाच्या तोंडी नसलेले शब्द माझ्या आवाजात ध्वनिमुद्रित होत, आणि छापील खंडांत त्यांच्याखाली घरच्या भाषेत अर्थ असे. पी, एच, टी, एच ही चार अक्षरे एकापुढे एक दारात उभी, आणि शब्द उच्चारायचा 'थायसिस'. कोणी 'टायसिस' म्हणतात, तेही चालते. अर्थ क्षयरोग. बॉर्बरिग्मस म्हणजे पोटातली गुरगुर. हा एकच इंग्रजी शब्द वन्संना पाठ आहे, कारण जेवण उशिरा झाले की तो त्या स्वतःच्या पोटाकडे बोट दाखवून म्हणतात.

त्या दिवशी मी काचेच्या खोलीत बसले होते. शब्द होता अ‍ॅपोसायोपीसिस. बोलता बोलता वाक्य अर्धवट टाकून गप्प होणे, हा त्याचा अर्थ. मी शब्द म्हटला. नीट म्हटला. माझ्या कानांनी ऐकला.

काचेपलीकडून रेकॉर्डिंगवाला म्हणाला, "बाई, तयार झालात की सांगा."

मी पुन्हा म्हटला. त्याने समोरच्या पडद्यावर बोट ठेवले. तिथे नुसती सरळ रेघ होती. मग त्याने हातातल्या कागदावर त्या शब्दाचा अर्थ वाचला आणि हसला. "अर्थ करून दाखवताय होय? घाबरवलंत की मला!"

मी 'नाही' म्हणायला गेले. 'नाही' सुद्धा आले नाही. ओठ हलत होते हे मला काचेत दिसत होते. तो हसत होता आणि मी ओरडत होते, आणि त्या खोलीत टाचणी पडली असती तरी ऐकू आली असती. त्याचे हसू हळूहळू उतरले तसा तो खुर्चीवरून उठला. तो चेहरा मी विसरू शकत नाही. माझी भीती मी आधी त्याच्या तोंडावर पाहिली, मग ती मला लागली.

थोड्या वेळाने वाचा परत आली. तेव्हापासून ती येते आणि जाते, आणि जाताना सांगत नाही. परवा शिंप्यासमोर उभी राहून मला कात्रीला काय म्हणतात ते आठवेना. मी दोन बोटे उघडमीट करत राहिले. तो बिचारा समजला की मला विडी हवी आहे.

कलम ४. जिवंत राहिले आणि वाचा गेली तर. हे कलम कायद्याने चालणार नाही, असे वकिलांनी बजावले आहे. "मृत्युपत्र माणूस गेल्यावरच चालतं. जिवंतपणीसाठी वेगळा कागद करावा लागतो." तो कागद केला आहे. तरीही इथे लिहिते, कारण मरणापेक्षा मला याचीच भीती जास्त वाटते. मेले तर मेले, त्याला कोण काय करणार. पण मी आत शाबूत असेन, सगळे ऐकत असेन, आणि बाहेर एक शब्द येणार नाही, आणि लोक माझ्या डोक्यावरून एकमेकांशी बोलतील, "हिला काही कळतं का हो?"

तर तसे झाल्यास: माझ्याशी मोठ्याने बोलू नये, मी बहिरी नसेन. लहान मुलाशी बोलतात तसे बोलू नये. माझ्या उशाशी बसून माझ्या आजाराचे नाव चुकीचे उच्चारू नये. ते 'अफेझिया' आहे. कोणत्याही कागदावर माझा अंगठा घेऊ नये. दीर भेटायला आले तर त्यांच्या हातात पिशवी आहे का ते पाहावे आणि पिशवीत कागद असल्यास त्यांना चहा न देता पाठवावे. वन्संनी रोज माझ्यासमोर बसून भांडावे. माझ्या वाटची उत्तरे त्यांना इतक्या वर्षांनी पाठ आहेत, ती त्यांनीच द्यावीत, पण प्रामाणिकपणे. मी जिथे जिंकले असते तिथे मला जिंकू द्यावे.

कलम ५. निवड. डोक्याच्या डॉक्टरीणबाई तरुण आहेत, हात लहान आहेत आणि बोलताना इकडेतिकडे बघत नाहीत. त्यांनी मला आणि वन्संना समोर बसवून फोटो दाखवला. कवटीला भोक पाडण्याला इंग्रजीत ट्रिपॅन असा एक जुना शब्द आहे. मी तो शब्दकोशासाठी उत्तम म्हटला होता. पहिल्यांदाच वाटले, हा शब्द म्हणजे उच्चार नव्हे, ही मशीन आहे आणि तिला आवाज आहे.

"तुम्हाला जागं ठेवू," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "आम्ही चित्रं दाखवू, तुम्ही नावं सांगायची. मी मेंदूला एका जागी स्पर्श करीन. तुम्ही अडखळलात, तर ती जागा मी सोडून देईन."

"कुठल्या भाषेत नावं सांगायची?" मी विचारले. सवय.

त्यांनी फोटो माझ्याकडे वळवला. "तेच बोलायचंय. तुमच्या दोन्ही भाषांच्या जागा अगदी जवळजवळ दिसताहेत, पण एकच नाहीत. दोन्ही तपासत बसले तर खूप वेळ जाईल आणि तुम्ही थकाल. मला एकीवर भर द्यावा लागेल. दुसरी वाचेल, कदाचित अर्धी वाचेल, कदाचित नाही. एकच वाचवायची झाली तर कुठली, ते तुम्ही सांगा."

मला वाटले होते अशा प्रश्नाला कोणीही झटकन उत्तर देईल. मला देता आले नाही. खरे लिहायचे तर माझ्या तोंडावर इंग्रजी आले होते. घरच्या भाषेत मी कोण होते? चष्मेवाल्याची बायको, मूल न झालेली, भाजी करपवणारी. इंग्रजी शब्दांनी मला टेबल दिले, टेबलावर फोन दिला, आणि फोनच्या दुसऱ्या टोकाला माझ्या उत्तराची वाट बघणारी माणसे दिली.

घरापाशी रिक्षा थांबली, पैसे वन्संनी दिले. जिन्यात थांबून म्हणाल्या, "इंग्रजी ठेव."

"काहीतरीच काय, वन्सं. मग तुमच्याशी बोलू कशी?"

"माझ्याशी बोलून कोणाचं भलं झालंय? तू ज्याच्यासाठी जन्म घालवलास ते ठेव. मी हातवारे करून भांडेन."

त्या पुढे होऊन कुलूप उघडू लागल्या. किल्ली कुलपाला लागत नव्हती. काचेवरचा केसाएवढा ओरखडा ज्यांच्या नजरेतून सुटत नाही, त्यांना कुलपाचे भोक सापडत नव्हते.

दुसऱ्या दिवशी मी खिडकीशी बसून स्वतःची परीक्षा घेतली. भीतीचे इंग्रजी शब्द मला ढीगभर येतात. हॉरिपिलेशन, म्हणजे अंगावर काटा येणे. असे एकेक मोठ्याने म्हणत गेले. सगळे बिनचूक. आणि त्यातला एकही शब्द घाबरत नव्हता. ते सगळे इस्त्री करून ठेवलेल्या कपड्यांसारखे होते. मग खालून काच फुटल्याचा आवाज आला आणि मी ओरडले, "आई गं! वन्सं, लागलं का?" फुटली होती एक चष्म्याची काच, तीही जुनी. पण मला कळायचे ते कळले. मी घाबरते ती घरच्या भाषेत. ती गेली तर मला घाबरता येईल, सांगता येणार नाही. आणि घाबरून गप्प राहण्याइतके माझे काळीज मोठे नाही.

म्हणून मी डॉक्टरीणबाईंना फोन करून घरची भाषा सांगितली. हे मी वन्संना उपकार म्हणून केलेले नाही. त्यांनी तसे समजू नये आणि मला तसे ऐकवू नये.

कलम ६. किरकोळ. शब्दकोशाचे सर्व खंड रेकॉर्डिंगवाल्याला द्यावेत. पतीची काच घासायची चाके, पकडी आणि नंबराच्या काचांची पेटी वन्संचीच आहे. इथे लिहिते ते दिरांसाठी. उच्चार-कक्षातला टेलिफोन मी भंगारातून विकत घेतला होता. तो 'भोंगा' या नावाने ओळखल्या जाणाऱ्या वृत्तनिवेदकाला द्यावा. ऐन बातम्यांच्या तोंडावर तो त्यावरून विचारी, "बाई, पटकन सांगा, मी बसतोय," आणि निरोपसमारंभात निर्दोष उच्चारांबद्दल त्याने आभार मानले ते स्वतःच्या आईचे. त्याने तो फोन समोर ठेवावा. वाजणार नाही. बघत बसावे.

माझा आवाज हजारो शब्दांत साठवला आहे. काल लक्षात आले की त्यात घरच्या भाषेतला एकही शब्द नाही. वन्संना हे सांगितले तर म्हणाल्या, "बरंच आहे. शिव्याच निघाल्या असत्या." मग स्वयंपाकघरात गेल्या आणि बराच वेळ नळ सोडून उभ्या राहिल्या.

वरील मजकूर मी वाचला, मला तो कळला. कळतो आहे तोवर सही करते.

(सही)

साक्षीदार, ज्यांच्या देखत सही झाली: १. शिंपी (सही). २. शेजारची दाई (सही).

वन्संना साक्षीदार करता येत नाही, कारण मिळकत त्यांना जाते. त्यांनी "मग मी इथे उभी तरी कशाला" असे म्हटले, आणि उभ्याच राहिल्या.

स्थळ: दुकानावरची पुढची खोली. दिनांक: ९ फेब्रुवारी.

पुरवणी

वरील मृत्युपत्राला ही पुरवणी मी तोंडी सांगत आहे आणि वकील लिहून घेत आहेत. मी सावकाश सांगते. मध्ये थांबते. वकिलांनी वाक्ये सुधारू नयेत असे ठरले आहे.

सोमवार झाला. मशीनचा आवाज कानांनी ऐकू येत नाही, दातांनी येतो. दुखत नाही. दुखत नाही हेच भयंकर. तोंडावर निळे कापड, त्याला खिडकी, खिडकीतून एक मुलगी चित्रे दाखवत होती. कुलूप. कंगवा. बादली. मी सांगत होते. मला वाटले, एवढेच ना. मग एक चित्र आले. मला ते माहीत होते. ते पावसात लागते, त्याला मूठ असते, माझ्याकडे दोन आहेत. आणि नाव नाही. जिथे नाव असते तिथे भिंत. पांढरी.

मुलगी म्हणाली, "सांगा, हे काय आहे?"

मी ओरडले, "वन्सं!"

डोक्यामागून डॉक्टरीणबाईंनी विचारले, "काय म्हणाल्या?"

मुलगी म्हणाली, "वन्सं म्हणाल्या. चित्र छत्रीचं आहे."

"थांबा. इथे हात लावायचा नाही," डॉक्टरीणबाई म्हणाल्या, आणि गाठीचा तेवढा तुकडा त्यांनी आत सोडून दिला. म्हणून मी आज हे सांगू शकते.

घरची भाषा राहिली. थोडी लंगडते. इंग्रजीचे काय झाले ते रेकॉर्डिंगवाल्यामुळे कळले. तो इस्पितळात शब्दांचा कागद घेऊन आला, माझ्या आनंदासाठी. मी वाचले. सगळे वाचले. सिझिजी. ट्रिपॅन. थायसिस. त्याच्या डोळ्यांत पाणी आले. "बाई, एकही चुकला नाही!" मग सहज विचारले, "हा सिझिजी म्हणजे काय हो?"

मी उत्तर द्यायला तोंड उघडले. आत काही नव्हते. पुढचा शब्द पाहिला, त्याचेही नाही. एकाचेही नाही. उच्चार सगळे जागच्या जागी, आणि अर्थ कोणी तरी उचलून नेलेले. त्याने 'पाणी' या अर्थाचा साधा इंग्रजी शब्द लिहून दाखवला, शाळेतल्या पहिल्या धड्यातला, आणि तो नुसता आवाज होता. मी तेव्हा इतकी घाबरले की नर्सला बोलवावे लागले.

आता दुपारी दुकान बंद असते तेव्हा आम्ही दोघी खंड उघडून बसतो. नजर तपासायच्या तक्त्यामुळे वन्संना इंग्रजी अक्षरे सगळी येतात, शब्द कळत नाहीत. बारीक ओळ मला दिसत नाही, म्हणून त्या एकेक अक्षर सांगतात, मी उच्चार करते, मग खालचा घरच्या भाषेतला अर्थ त्या वाचतात. सिझिजी म्हणजे आकाशातले तीन गोल एका रेषेत येणे. "हे असलं लक्षात ठेवून तू पगार घेत होतीस?" असे त्या म्हणाल्या. दुसऱ्या दिवशी मी तो पुन्हा विसरलेली असते. त्या पुन्हा वाचतात.

या पुरवणीचे खरे कारण असे. आत सोडलेला तुकडा आहे. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, "तो वाढला तर पुन्हा उघडावं लागेल. आत्ताच काढून टाकला तर वाढायची भीती राहणार नाही, पण घरची भाषा जाईल. मी सक्ती करणार नाही." मी तिथेच सांगितले, काढायचा नाही. आता नाही आणि नंतरही नाही. मी शुद्धीवर नसताना माझ्या वतीने कोणीही, वन्संनी सुद्धा, दुसऱ्या ऑपरेशनला संमती देऊ नये. हे या पुरवणीचे एकमेव कलम; जिवंतपणीच्या त्या वेगळ्या कागदातही ते घातले आहे.

वन्सं इस्पितळाच्या जिन्यात माझ्यावर खेकसल्या. "मला विचारलंस? मरायचं ठरवतेस आणि मला एका शब्दानं विचारत नाहीस?"

"विचारलं असतं तर तुम्ही काढ म्हणाला असता."

"म्हणालेच असते!"

"आणि मग हे जिन्यातलं भांडण कोणी केलं असतं?"

त्या गप्प झाल्या. घरी येईपर्यंत गप्प, जेवताना गप्प. मला वाटले, आता मी बोलती आणि ह्या मुक्या. दर काही महिन्यांनी फोटो काढायचा आहे. त्याच्या आधीचे आठ दिवस कसे जातील ते मला आत्ताच माहीत आहे. मी त्यांना सांगितले, "वन्सं, मला भीती वाटते." त्या म्हणाल्या, "मला काय लाडू फुटताहेत?" आणि खाली दुकानात निघून गेल्या.

थोड्या वेळाने हाक आली. मी जिना उतरले. त्यांनी माझ्या नाकावरचा चष्मा काढून घेतला. डावी काडी टाक्यांच्या वणावर घासते आणि मी दिवसभर चष्मा तिरपा घालते, हे मी कोणाला सांगितले नव्हते. त्यांनी काडी तापवली, बोटांनी दाबली, माझ्या कानाशी धरून बघितली, परत तापवली. वणाला वळसा घालून जाईल असा तिला बाक दिला. मग दोन्ही हातांनी चष्मा माझ्या डोळ्यांवर बसवला.

"लागतंय का?"

"नाही."

"नीट सांग. उगाच बरं वाटावं म्हणून नको."

"नाही लागत, वन्सं."

त्या तरी कानामागे बोट घालून बघत राहिल्या.

वरील पुरवणी मला वाचून दाखवली. प्रत्येक शब्दाचा अर्थ मला कळला. मूळ मृत्युपत्र यासह कायम.

(सही, थोडी वाकडी, पण माझीच)

साक्षीदार: १. शिंपी (सही). २. वकिलांची कारकून (सही).

स्थळ: चष्म्याचे दुकान, गिऱ्हाईकाची खुर्ची. दिनांक: ३० एप्रिल.